बाळंतिणीचं पाणी

बहात्तरच्या दुष्काळातला तो एक नेहमीचा दिवस. सोयगावकडच्या डोंगराच्या पायथ्याशी वसलेल्या त्या गावात विहीर कधीच आटली होती. नदीच्या पात्रात झरा उकरायचा आणि वाटीवाटीने घागर भरायची. सरूबाई पहाटे गेली होती, ती ऊन चढल्यावर परतली. कंबर मोडली होती, पण चेहरा खुललेला होता. सुनेला, राजनंदिनीला, मुलगा झाला होता.

तेवढ्यात मीनाक्षी नर्स बाळंतिणीला तपासायला आली. त्या भागात नेमलेली ती पहिलीच नर्स. औरंगाबादच्या भिक्षुकाच्या घरातली मुलगी परजातीच्या बायकांची बाळंतपणं करते, म्हणून घरच्यांनी तिचं नाव टाकलं होतं. इथल्या बायकांनी मात्र तिला आपली मानली होती.

"अंगात कणकण आहे. उन्हाळाही कडक आहे. पाणी उकळून, गार करून हिला भरपूर पाजा," मीनाक्षी म्हणाली.

"व्हय बाई," म्हणत सरूबाई आत गेली आणि भरलेला तांब्या घेऊन आली. "तुमी घ्या आधी. लई उन्हातून आल्या."

अशा दिवसांत कुणी तांब्याभर पाणी पुढे करावं, याने मीनाक्षीला भरून आलं. तिने तांब्या रिकामा केला. बाजेवरून राजनंदिनी त्या तांब्याकडे एकटक बघत होती. मीनाक्षीच्या ते लक्षात आलं नाही.

सरूबाईने होकार दिला होता तो केवळ मानापोटी. सुनेला पाणी द्यायचं तिच्या मनातही नव्हतं. ओल्या बाळंतिणीने पाणी प्यायलं की पोट सुटतं, दूध पातळ होतं, लेकराला बाधतं, असं तिला तिच्या सासूने शिकवलं होतं. तिची स्वतःची बाळंतपणंही कोरड्या जिभेनेच पार पडली होती. सुनेवर तिचा जीव होता आणि म्हणूनच ती इतकी कडक होती. आपल्याकडे कितीतरी दुष्ट चाली अशा मायेच्या हातांनीच जपल्या जातात.

सरूबाईचा मुलगा विश्वजीत औरंगाबादच्या नव्या कारखान्यात कामाला होता. शहर वाढत होतं, कारखान्यात नळाला धो धो पाणी होतं. बाळाला बघायला तो गावी आला, तेव्हा राजनंदिनी कुजबुजली, "अहो, घोटभर तरी पाणी द्या."

त्याचा हात घागरीकडे गेलाही.

"हात लावू नको!" आई ओरडली. "बायांच्या कामातलं तुला काय कळतंय?"

तो ओशाळला. "आई म्हणते ते ऐक गं," असं म्हणून ओट्यावर जाऊन बसला.

ताप चढत गेला. मीनाक्षीला बोलावणं गेलं तेव्हा राजनंदिनी बरळत होती. सिल्लोडकडे निघालेल्या बैलगाडीत मीनाक्षीने तिच्या तोंडात चमच्याने पाणी घातलं. दातांत धरलेला चमचा ती सोडेना.

"हिला पाणी दिलं नाही?"

"वल्या बाळंतिणीला कोण पाणी देतं, बाई?" उशाशी बसलेली सरूबाई म्हणाली.

दवाखाना येण्याआधीच सगळं संपलं.

सुतक फिटल्यावर मीनाक्षी त्या घरी गेली. विश्वजीत मान वर करेना. नातवाला मांडीवर घेऊन सरूबाईने विचारलं, "खरं सांगा. म्या मारलं का तिला?"

तापाने गेली, असं सांगून मोकळं होता आलं असतं. ते अर्धं खरंही होतं.

"पाणी मिळालं असतं तर कदाचित वाचली असती," मीनाक्षी म्हणाली. तिला स्वतःचीच शरम वाटत होती. "तुम्ही दिलं नाही. मी नुसतं सांगून मोकळी झाले, पिते का ते पाहिलं नाही. उलट तिच्यासमोर तांब्याभर पाणी पिऊन गेले."

विश्वजीत भिंतीला डोकं टेकून हुंदके देऊ लागला. सरूबाईच्या डोळ्यांतून मात्र टिपूस आलं नाही.

पुढे शेजारच्या भागूबाईची सून बाळंत झाली. मीनाक्षी येताच भागूबाईने पाण्याचा तांब्या पुढे केला. मीनाक्षीने हात जोडले.

"आधी तुमची सून पिऊ दे, मग मी."

"आमच्या घरचं पाणी नाय चालत तुमाला?" भागूबाईचा चेहरा उतरला. दुष्काळात दिलेलं पाणी नाकारणं म्हणजे घराचा अपमान, हे मीनाक्षीला पुरतं ठाऊक होतं. तरी ती तशीच उभी राहिली. यापुढे कुठल्याही घरात बाळंतिणीच्या आधी पाण्याला तोंड लावायचं नाही, हे तिने ठरवलं होतं.

नातवाला कडेवर घेऊन सरूबाई दारात येऊन थांबली होती.

"दे भागू, तिला दे," ती म्हणाली. "माझ्या सुनेनं, नंदूनं मागितलं व्हतं गं. म्या नाय दिलं."

भागूबाई घुटमळली. मग तिने तांब्या सुनेच्या हातात दिला. पोरगी घटाघटा प्यायली, निम्मं पाणी गळ्यावरून सांडलं, तरी कुणी तिला बोललं नाही. सरूबाईने नातवाच्या टाळूवर तोंड टेकवलं आणि सुनेच्या मरणानंतर पहिल्यांदाच ती हमसून हमसून रडली.