यास्त्राबिनाच्या दोन वाटा

मी उंचीमापक बोलतोय. घड्याळ नव्हे. जन्मभर लोकांनी मला घड्याळ समजून किती वाजले म्हणून विचारलं, आणि मी सांगणार काय, कप्पाळ? मुठीत मावेल एवढा गोल देह, भोवती पितळी कडी, वर काच, आत एक बारीक काटा. वेळेशी माझं काही देणंघेणं नाही. मला खिशात टाकून डोंगर चढा, किती उंच आलात ते सांगतो.

माझ्या पोटात पातळ पत्र्याची एक डबी आहे, आतली हवा काढून घेतलेली. वर जावं तशी बाहेरची हवा विरळ होते, डबीला जरा मोकळं वाटतं, ती फुगते आणि काटा सरकतो. एवढंच माझं शहाणपण. निघताना मात्र कडी फिरवून पायथ्याची उंची मला सांगावी लागते. ती चुकीची सांगाल तर मी वरपर्यंत चुकीचंच बोलेन, आणि त्यात माझा दोष नाही.

पूर्व जर्मनीतल्या एका कारखान्यात आम्ही दोघे भाऊ एकाच टेबलावर जन्मलो. इम्रिख ब्रेझिना नावाचा एक हडकुळा तरुण कसल्याशा परिषदेसाठी तिकडे आला होता, त्यानं तिथल्या एका दुकानातून आम्हा दोघांनाही उचललं. दुकानातली बाई म्हणाली, "दोन कशाला? एका डोंगराला एक पुरतो."

"डोंगर एकच आहे," इम्रिख म्हणाला, "पण वाटा दोन आहेत. आणि दुसऱ्या वाटेवरची बाई फार कडक आहे."

ती कडक बाई म्हणजे झोरा मातुश्कोवा. ब्रातिस्लाव्हाच्या विद्यापीठात ती आणि इम्रिख एकाच खोलीत समोरासमोर बसायची. त्यांचं काम ऐकाल तर हसाल. शून्यापासून एकपर्यंतची एक रेघ घ्यायची. एक नियम ठरवायचा, की रेघेवरचा प्रत्येक बिंदू उचलून रेघेवरच कुठेतरी नेऊन ठेवायचा. मग पुन्हा तोच नियम. पुन्हा तोच. आणि बिंदू कुठं कुठं जातो ते बघत बसायचं. काही बिंदू जागचे हलतच नाहीत, त्यांना स्थिर बिंदू म्हणायचं. काही ठरावीक जागांमध्ये फेऱ्या मारत राहतात. काही इतके भटके, की एकदा गेले ते गेलेच, त्या जागी पुन्हा फिरकत नाहीत. वीतभर रेघ ती, पण दोघांची उभी हयात तिच्यावर गेली.

इम्रिखची बायको तेरेझिया शेवयांसाठी पीठ लाटायला बसली की हा स्वयंपाकघरात जाऊन लुडबुड करायचा. लाटलेल्या पट्टीवर शेजारी शेजारी दोन खसखशीचे दाणे ठेवायचा आणि म्हणायचा, "आता दुप्पट लांब लाट आणि मधोमध घडी घाल. पुन्हा लाट, पुन्हा घडी." चार-सहा घड्या झाल्या की एक दाणा या टोकाला आणि दुसरा त्या टोकाला. "बघ, कालचे शेजारी," तो म्हणायचा. तेरेझिया म्हणायची, "तुझं गणित झालं असेल तर हात धू आणि ताटं घे." फार गुणी बाई होती. तिला जाऊन आता बरीच वर्षं झाली. त्या घरात नंतर कुणी शेवया केल्याचं मला आठवत नाही.

तर डोंगराची गोष्ट. मी येण्याआधी हे दोघं एका प्रश्नापाठी हात धुऊन लागले होते. असे दोन नियम घ्यायचे, की आधी हा लावून मग तो लावा, नाहीतर आधी तो आणि मग हा, बिंदू शेवटी एकाच जागी यायचा. इतकं सूत जमतंय तर दोघांचा मिळून एक तरी स्थिर बिंदू असलाच पाहिजे की नाही? सगळ्यांना वाटायचं असणारच. यांनी त्यावर वर्षानुवर्षं घालवली. आणि मग बातमी आली, की दूरदेशी कुणी असे दोन नियम बनवून दाखवलेत. सूत जमतं, पण सामाईक बिंदू नाही. इम्रिखला अन्न गोड लागेना. तेव्हा झोरा त्याला म्हणाली, "मेहनत पाण्यात गेली म्हणून रडत बसू नकोस. त्यातला डोंगर तर खरा आहे ना? चल, तो चढू."

डोंगर म्हणजे त्या खटपटीतली एक पायरी होती. समजा, एका डोंगराच्या दोन बाजूंनी दोघं जण चढतायत. पायथा सारख्या उंचीवर, शिखर एकच, मधल्या वाटा मात्र वेड्यावाकड्या, खळगे आणि टेकाडांनी भरलेल्या. तर दोघांना पूर्ण वेळ एकमेकांच्या बरोबर उंचीवर राहून शिखरावर भेटता येईल का? येतं. गणित सांगतं की नक्की येतं. अट एकच, दुसरा खळग्यात उतरला की आपणही आल्या वाटेनं मागं फिरून तितकंच खाली यायचं. इथं पुष्कळांचा धीर सुटतो.

त्यासाठी त्यांनी यास्त्राबिना नावाचा डोंगर निवडला. दोन्ही बाजूंना सारख्या उंचीवर एकेक दगड शोधून पांढरा रंगवला. इम्रिखच्या बाजूला वाटेत बसायचे दोन बाक आणि दुसऱ्या बाकाच्या वर एक मोठा खळगा. झोराच्या बाजूला दोन लहान खळगे. मी इम्रिखच्या खिशात, भाऊ झोराच्या. दर जूनमध्ये, परीक्षा संपल्या की हा सोहळा. मोबाइल नव्हते तेव्हा घड्याळ बघून आणि कागदावर वाट आखून चालायचे. नियम कडक होते. खोटा आकडा सांगायचा नाही. आणि दुसऱ्याच्या वाटेवर पाऊल टाकायचं नाही, उतरतानाही नाही. शिखरावर डुकराची चरबी, कांदा आणि पाव खायचा, एकेक घोट आलुबुखाराची दारू घ्यायची आणि ज्यानं त्यानं आपापल्या बाजूनं परत जायचं.

सुरुवातीला विभागातली सगळी मंडळी दोन टोळ्या करून यायची. मग हळूहळू लोक गाडीनं थेट शिखराजवळच्या विसाव्याच्या झोपडीत जाऊ लागले. शेवटी ही दोघंच उरली. इम्रिख खळग्यात उतरला की पलीकडे झोरा भर चढावर गर्रकन मागं वळून खाली निघायची. अळंबी वेचणाऱ्या बायका तिला विचारायच्या, "काय बाई, काही हरवलं का?"

"नाही हो," ती म्हणायची, "मित्र उतरतोय."

हे सगळं भाऊ मला शिखरावर सांगायचा. आम्हा दोघांना ते न्याहारीच्या फडक्यावर शेजारी ठेवायचे आणि काटे जुळलेत का बघायचे. झोरा वाकून वाकून बघायची. विद्यार्थ्याच्या सिद्धतेत एक स्वल्पविराम खटकला तरी वही परत करणारी बाई ती.

मागच्या हिवाळ्यात इम्रिखला झटका आला. जीव वाचला, पण डावा पाय मागं राहायला लागला. मुलगी कात्का व्हिएन्नाहून धावत आली आणि म्हणाली, "बाबा, बास झालं एकटं राहणं. तुम्ही माझ्याकडे यायचं."

इम्रिखला ब्रातिस्लाव्हा सोडायचं नव्हतं. तिथं त्याची खोली होती, फळा होता, गुरुवारची चर्चा होती, आणि समोर बसून त्याच्या चुका काढणारी झोरा होती. पोरीला उघड नाही म्हणवेना. मग त्यानं पैज लावली. जूनमध्ये यास्त्राबिना चढलो तर मी इथंच राहणार, नाही चढलो तर मुकाट तुझ्या गाडीत बसणार. साक्षीदार झोरा.

कात्का म्हणाली, "चालेल. झोरामावशी काही झालं तरी खोटं बोलणार नाही."

जून आला. पांढऱ्या दगडापाशी इम्रिखनं काठी टेकली, माझी कडी फिरवून लावली आणि निघाला. दोन पावलं आणि थांबा, दोन पावलं आणि थांबा. त्याच्या खिशात मला त्याचा श्वास ऐकू येत होता, आणि खरं सांगतो, माझा काटा इतका सावकाश कधी सरकला नव्हता. पहिला बाक आला. दुसरा बाक आला. तिथं तो बसला आणि त्याला उठता येईना. काठीवर भार देऊन बघितलं, झाडाला धरून बघितलं. पाय ऐकेचना.

फोन वाजला. "किती?" झोरानं विचारलं.

"सातशे मीटर."

"माझेही सातशे. पाय काय म्हणतोय?"

"आहे जागेवर," इम्रिख म्हणाला.

फोन ठेवून तो खाली बघत बसला. तो थांबला म्हणजे नियमानं झोरालाही थांबणं आलं, आणि मग निमूट मागं फिरणं. तिचेही गुडघे काही सोळा वर्षांचे नव्हते. पुढच्या वर्षी कोण येतंय, कोण नाही. निदान तिनं तरी वर पोहोचावं, असं त्याला फार वाटलं. ते त्याच्या श्वासावरून मला खिशातही लख्ख कळलं.

आणि या माणसाची एक खोड. काट्यावर वाचल्याशिवाय आकडा तोंडातून काढायचा नाही. म्हणून त्यानं मला खिशातून काढलं, बाकावर बसल्या बसल्या माझी कडी फिरवली, काटा आठशेवर आणला आणि नीट वाचून झोराला फोन केला. "आठशे."

"छान," ती म्हणाली.

थोड्या वेळानं त्यानं पुन्हा कडी फिरवली. "नऊशे."

पलीकडे पावलांचा आवाज थांबला. मग झोरा म्हणाली, "नऊशे. बरं. मीही येतेय."

असं करत करत त्यानं बाकावरूनच मला शिखरावर नेऊन ठेवलं. मी कधी इतक्या उंचावर इतका लाजलो नव्हतो. शेवटचा आकडा सांगितल्यावर मात्र तिचा उलट फोन आला नाही. इम्रिखनं लावला, तिनं उचलला नाही. त्यानं पावाचं फडकं सोडलं, तसंच पुन्हा गुंडाळून ठेवलं.

मग वरून खडे घरंगळायला लागले. त्याच्या वाटेवर, वरच्या अंगानं, झोरा खाली येत होती. कडेकडेनं, झाडं धरत, एक गुडघा न वाकवता. इतक्या वर्षांत तिनं या बाजूला पाऊल टाकलं नव्हतं. ती येऊन बाकावर बसली. आधी पाणी प्यायली. मग मला त्याच्या हातातून घेतलं, काटा कुठं आहे ते बघितलं, आणि कडी फिरवून मला पुन्हा सातशेवर आणलं.

"केव्हा कळलं तुला?" इम्रिखनं विचारलं.

"खळगा कुठं गेला तुझा?" झोरा म्हणाली. "आठशे काय, नऊशे काय. मधे तुला उतरायला नको होतं?"

"तुला उगाच मागं फिरायला लावायचं जिवावर आलं."

"शहाणाच आहेस."

"पण तेव्हाच कळलं होतं तर वर का गेलीस?"

झोरानं त्याच्याकडे असं बघितलं, जसं ती फळ्यावर चुकलेल्या पोराकडे बघायची. "मी पलीकडे होते, इम्रो," ती म्हणाली. "तुझ्याकडे यायला दुसरी वाट कुठं आहे?"

त्यानं चष्मा काढून पुसला, घातला, परत काढला.

तेवढ्यात कात्काचा फोन आला. इम्रिख अजून चष्माच पुसत होता, म्हणून झोरानंच घेतला. "नाही चढला," ती म्हणाली. "दुसऱ्या बाकापर्यंत आला. आता दोघं तिथंच बसलोय."

"मग ठरल्याप्रमाणे मी रविवारी न्यायला येते, मावशी."

"ये ना, जेवायलाच ये. पण ठरलं ते तुम्हा बापलेकीत ठरलं. मला कुणी विचारलं होतं? तो माझ्याकडे राहायला येतोय. लिफ्ट आहे, दवाखाना समोर आहे, आणि एकटा राहणार नाही. तुला हीच काळजी होती ना?"

कात्का म्हणाली, "बाबांना विचारलंत का?"

"तो खळगा गाळताना मला विचारायला आला नव्हता," झोरा म्हणाली, आणि फोन बंद करून इम्रिखकडे वळली. "पुस्तकं निम्मीच आण. सगळी ठेवायला जागा नाही."

आता आम्ही दोघे भाऊ झोराच्या खिडकीत शेजारी शेजारी असतो. डोंगर संपला. दिवसभर ही दोघं टेबलाच्या दोन बाजूंना बसून त्याच वीतभर रेघेवरून वाद घालतात. इम्रिखला स्वयंपाकघरातून टेबलापर्यंत यायला वेळ लागतो. तो निघाला की झोराही हातातलं काम ठेवून उठते, त्याच्याइतक्याच सावकाश पावलांनी चालते, आणि दोघं एकदमच खुर्चीत बसतात. तो म्हणतो, "तू बैस ना आधी." ती म्हणते, "मला काय घाई आहे?"

मी जुना झालोय. कडी सैल झालीय, डबीही थकलीय. कुणी मला विकत मागितलं तर द्यायचं नाही, असं झोरानं सांगून ठेवलंय. माझं तुमच्याकडे एवढंच मागणं आहे, मला भावापासून वेगळं ठेवू नका. त्याचा काटा दिसला नाही की मी किती उंचीवर आहे तेच मला कळत नाही.