झोपेची पासोडी

नसत्या चौकशा करायची मला खोडच आहे. कासारवाडीच्या आमच्या चाळीत कुणाकडे पाहुणा आला, की त्याचं गाव कुठलं आणि त्याची बायको का आली नाही, हे चहा उकळायच्या आत मला कळलेलं असतं. त्यामुळे शेजारच्या इंदुताईंनी चाकणच्या निजसाळ्यांचा विषय काढला, तेव्हा मी निवडत असलेली भाजी बाजूलाच ठेवली.

त्याला कारणही होतं. परांड्याकडचं गाव सोडून आल्यापासून आमचे हे बाटल्यांच्या कारखान्यात भट्टीवर होते. रात्रपाळी लागली आणि त्यांची दिवसाची झोप उडाली. पोरांचा गलका, आगगाड्यांचा धडधडाट, नुसतं कूस बदलण्यात संध्याकाळ व्हायची. आदल्या आठवड्यात उभ्याउभ्या डुलकी लागून ते भट्टीच्या तोंडाशी कलंडले. जोडीदारानं सदरा धरून ओढलं म्हणून वाचले. तेव्हापासून ते कामावर गेले, की माझा जीव थाऱ्यावर नसायचा.

“ज्योतीरामभाऊंना तिथली पासोडी आणून द्या,” इंदुताई म्हणाल्या. “विणकरांच्या पाच घरांची पंचायत आहे त्यांची. ती पासोडी अंगावर घेतली की माणूस झोपतोच.”

“ते कसं काय?”

“ते त्यांनाच जाऊन विचारा. माझं डोकं नका खाऊ.”

दुसऱ्याच दिवशी मी एस्टीनं चाकण गाठलं. किल्ल्यामागे एका अंगणाभोवती पाच घरं होती आणि पाचही घरांत माग खटखटत होते. पंचायतीच्या म्होरक्या सुभद्राबाई खड्ड्यात पाय सोडून विणत बसल्या होत्या. मी दारातूनच प्रश्नांची सरबत्ती सुरू केली. सूत कुठलं? रंग कसला? मंत्र म्हणता का?

“सूत बाजारातलंच हाय,” त्या म्हणाल्या. “झोप मातुर घरच्या मानसाची लागती. तू हितं मागाशेजारी निजायचं. तुजा श्वास आत गेला की मी धोटा हिकडनं टाकनार, भाईर आला की तिकडनं. तवर बाकीच्या चार घरांनी माग बंद ठिवायचे. कुनी खोकायचंबी न्हाई.”

“म्हणजे विणताना मला बघायलाच मिळणार नाही?”

“न्हाई,” म्हणून त्या हसल्या. मला मात्र मनापासून वाईट वाटलं.

मग त्यांनी हातातला धोटा खाली ठेवला. “येक इचार कर, बाई. झोप तुला फिरून येती. पर सपनं जात्यात. म्होरं तुला सपान पडायचं न्हाई, कंदीच.”

आमची चंपा दोन वर्षांची असताना तापात गेली. त्यानंतर ह्यांनी तिचं नाव एकदाही घेतलं नाही. मी काढलं, तर उठून बाहेर जायचे. पण माझ्या स्वप्नात ती रोज यायची, आणि नुसती यायची नाही, वाढायची. आता ती परकर खोचून दोरीवरच्या उड्या मारत होती. माझं सुख म्हणायचं तर तेवढंच होतं, आणि ते मी कुणालाही सांगितलेलं नव्हतं. सुभद्राबाईंना सांगितलं.

“मग ती स्वप्नं जातात कुठं?” मी विचारलं.

“ते आमच्यात कुनाला ठावं न्हाई. कुनी इचारलंबी न्हाई.”

“पिढ्यान् पिढ्या विणता आणि एवढं साधं विचारलं नाही?” मी त्यांच्यावर चिडले.

मी अंगणात जाऊन बसले. चंपा गेलेली होती आणि हे अजून होते. कितीही वेळ बसले तरी त्यापुढं मला काही सुचेना. पोटभर रडून घेतलं आणि आत येऊन मागाशेजारच्या चटईवर आडवी झाले. एकेक करत चारही माग थांबले. शेवटचं म्हणून चंपाला डोळे भरून पाहायचं ठरवलं होतं, पण ती पाठमोरीच दिसली.

पासोडी तपकिरी, अगदी साधी होती. ती पांघरल्या पांघरल्या हे घोरायला लागले. कामावर त्यांची मान ताठ राहू लागली आणि माझा जीव भांड्यात पडला. पण माझी रात्र म्हणजे आता डोळे मिटायचे आणि सकाळी उघडायचे, मध्ये काहीच नाही. चंपाची फार आठवण यायची. हेही उठल्यावर गप्पगप्प असत. काय झालं विचारलं, तर “काय न्हाई, झोपलो,” एवढंच सांगत.

एका दुपारी हे उठले आणि पासोडी मांडीवर घेऊन तसेच बसून राहिले. मी चहा पुढे केला, तो त्यांनी घेतला नाही.

“चंपीचा दात पडलाय,” हे म्हणाले. “मला दावाया आली व्हती.”

हातातल्या कपातला चहा माझ्या पायावर सांडला. विचारण्यासारखं किती होतं! पण तोंडातून एवढंच आलं, “वरचा का खालचा?”

“खालचा,” हे म्हणाले. मग सरकून त्यांनी मला पासोडीवर जागा करून दिली. “बस हितं. समदं सांगतो.”