चिचटोल्याची हरकत

कुरखेड्याच्या ऑनलाईन सेंटरमधल्या रंजीतानं कॉम्प्युटरवरून मान वर न करता सांगितलं, "चहाच्या टपरीले अन्नाची नोंदणी लागते बाई. वर्षाचे शंभर रुपये. आधार कार्ड, एक फोटो, आन् जागेसाठी गावाचा ना-हरकत दाखला. झालं."

"एवढंच?" स्वातीनं विचारलं.

"एवढंच. फॉर्म भराचे माहे पन्नास वेगळे."

धंदा काढायचा म्हणजे एखादं बकरं तरी विकावं लागेल, असं धरून स्वाती घरून निघाली होती. शंभर अधिक पन्नास ऐकून ती इतकी हरखली की परतीच्या बसमध्ये शेजारच्या अनोळखी बाईलाही तिनं सांगून टाकलं, "टपरी काढून राह्यली मी. चिचटोल्याच्या फाट्यावर. येजा चहाले."

फाटा होताच तसा. पोर्ल्याची बस तिथं थांबायची, दवाखान्याला निघालेले, जंगलखात्याच्या रोपणावर जाणारे, सगळे तिथं कोरड्या तोंडानं उभे राहायचे. बस कधी यायची ते ड्रायव्हरला तरी ठाऊक असायचं की नाही कोण जाणे.

पण टपरीचं खरं कारण मिरची होती. दरवर्षी संक्रांत झाली की मुकादमाची जीप यायची आणि चिचटोल्यातली माणसं बिछान्यासकट तेलंगणात मिरची तोडायला जायची. स्वाती आणि पवन लग्न झाल्यापासून जात होते. मळे दिसायला नव्या नवरीच्या शालूसारखे. पण त्या शालूत हात घातला की आग. मिरची तोडून आलेल्या बाईनं डोळ्याला पदर लावायचा नाही, घामही पुसायचा नाही. यंदा स्वातीनं नवऱ्याला सांगून टाकलं होतं, मी येणार नाही. पवन म्हणाला होता, "मुकादमाची उचल मी अजून घेतली नाई. गाडी येवाच्या आंधी गावाचा कागद भेटला तं आपन इथीच राहू. नाई भेटला तं बिछाना बांधाचा. मंग रडाचं नाई."

गावाच्या कागदाची स्वातीला काळजीच नव्हती. गाव आपलंच. सासूही परकी नाही, वडिलांची सख्खी बहीण, गुणाबाई. तिला ती लहानपणापासून आत्याच म्हणायची.

चिचटोल्यात ग्रामसभा गोटुलात, म्हणजे गावाच्या सभाघरात, बसते, आणि तिथं दोन रिती जुन्या आहेत. एक म्हणजे, ज्याचं काम त्याचा चहा. जो सभेपुढे गाऱ्हाणं आणील त्यानं आलेल्या सगळ्यांना चहा पाजायचा. दुसरी म्हणजे, सगळ्यांचं होय झाल्याशिवाय होय म्हणायचं नाही. तिथं हात वर करून मोजत नाहीत. एकाचंही मन अडलं तर काम अडलं.

पहिल्या सभेला स्वातीनं गवती चहा घातला, आलं ठेचून घातलं, साखरेला हात आखडला नाही. वाफ गोटुलाच्या छपरातून अशी निघाली की जे घरी झोपले होते तेही उठून आले. ग्रामसेवक प्रवीण भद्रावतीचा, फॅक्टरीच्या कॉलनीत वाढलेला. त्यानं विषय वाचून दाखवला आणि पेनचं टोपण काढलं.

"कोणाची हरकत?"

"मले हाये," गुणाबाई म्हणाली.

स्वातीच्या हातातली गाळणी हातातच राहिली. आत्या सगळ्यांच्या मध्ये उभी होती. तिनं पुढे आलेला कप उचलला, वास घेतला आणि खाली ठेवला.

"हा चहा मी नाई पेत. ज्याच्या कामाले हरकत घेवाची त्याचा चहा पेवाचा नाई. आता आयका. दारात आलेल्याले आपन कधी पैसे मांगले? माह्या मायनं मले जात्यावर काय शिकवलं?" आणि तिनं तिथंच सूर लावला:

दारी आला पावना, त्याले बसाले देजो पाट,
चुलीवरच्या पान्याले नोको पाहाले लावू वाट.

"पाट देजो म्हनलं हाये. पाच रुपये घेजो असं नाई म्हनलं. आपल्याच गावच्या मानसाले माही सून चहा इकन, आन् मी कोन्या तोंडानं गावात फिरू?"

प्रवीण घड्याळ बघत म्हणाला, "गुणाबाई, तुमचं एकच मत विरोधात आहे. बहुमतानं मंजूर."

गोटुलात असं हसू फुटलं की कोपऱ्यातली कोंबडी बाहेर पळाली. ग्रामसभेचे अध्यक्ष बुधूभाऊ मिशीला लागलेला चहा पुसून म्हणाले, "सायेब, जोडीतला एक बैल उभा हाये आन् एक बसला. बहुमतानं नांगर चालते का जी?"

"पण बैल दोनच असतात. इथं चाळीस माणसं आहेत!"

"मंग तं अजूनच कठीन. वरतं लिवलं काय हाये? ना-हरकत. आन् हरकत तं हाये. खोटं कसं लिवाचं?"

प्रवीणच्या प्रशिक्षणात बैलाचा धडाच नव्हता. सभा पुढच्या सोमवारवर गेली. जाताना बुधूभाऊ मागे वळून म्हणाले, "स्वाते, चहा मस्त होता वं. आलं जरासं कमी पडलं."

घरी स्वाती आत्याशी बोलेना. भाकर वाढायची, पाणी ठेवायची आणि तोंड फिरवायची. गुणाबाईही कमी नव्हती. ती भिंतीशी बोलायची, "भिंतीबाई, मी खोटं बोलली का? मनात एक आन् गोटुलात एक, असं मले जमत नाई." भिंत काही बोलायची नाही, स्वातीही नाही, आणि मध्ये बसून पवन एकीसाठी दुसरीकडे मीठ मागायचा.

दुसऱ्या सोमवारी स्वातीनं आलं वाढवलं. गुणाबाई कप खाली ठेवून गप्प बसली. तिचं मन वळत होतं की नाही, कळायला मार्ग नव्हता. पण चहाची दुसरी खेप फिरली आणि शेजारची धुरपता उठली.

"माही बी एक हरकत हाये. म्हंजे हरकत नाई, पन इचार हाये. टपरी झाली का बिस्कुटं येतीन. बिस्कुटं आली का कुत्रे येतीन. मंग आमच्या कोंबड्यायनं काय करावं?"

कोंबड्यांचा विचार गंभीर होता. सभा पुढे गेली.

तिसऱ्या सोमवारी नानाजी उठले. त्यांचं म्हणणं, चहा पाहून ड्रायव्हर खाली उतरेल, बस उशिरा निघेल, आणि त्यांची कोर्टाची तारीख चुकेल. त्यांची कोर्टात केस होती का, असं प्रवीणनं विचारलं. "आज नाई," नानाजी म्हणाले, "पन मानसाचं काय सांगता येते?"

त्यानंतर हरकतींना पावसाळ्यातल्या सात्यांसारखा, अळंब्यांसारखा, बहर आला. आज एक उपटावी तर उद्या तिथंच चार. टिनाच्या चमकेनं म्हशी बुजतील. गोडाच्या वासानं अस्वल येईल. जावई सासुरवाडीला येण्याऐवजी फाट्यावरच बसून राहील. सभेची हजेरी अशी वाढली की प्रवीणनं वर कळवून टाकलं, चिचटोल्यात लोकसहभाग कौतुकास्पद आहे. जी माणसं निवडणुकीतही घराबाहेर पडत नसत, ती आता घरून आपापला कप घेऊन येऊ लागली. पलीकडच्या टोल्यातले, म्हणजे वाडीवरचे, दोघं तर नुसतेच येऊन बसत. त्यांना विचारलं की सांगत, "आमची काई हरकत नाई. आमी आयकाले आलो."

स्वातीला उशिरा का होईना, पण कळलं. कोणाच्याही पोटात हरकत नव्हती, पोटात चहा होता. दाखला दिला की फुकटचा सोमवार संपणार होता. पण हे बोलायचं कसं? रीत ती रीत. चहा नाही दिला तर सभा बसणार नाही, सभा नाही तर कागद नाही, आणि दिला तर हरकत आहेच. शंभर रुपयांचा परवाना, पण त्याच्या वाटेवर तिच्या घरातली साखर, गूळ आणि टपरीसाठी आणून ठेवलेली चहापत्तीची सगळी पाकिटं आटत चालली होती.

अशात मुकादमाचा फोन आला. सोमवारी संध्याकाळी गाडी येणार. पवननं दोरी काढली आणि बिछाना गुंडाळायला घेतला. स्वातीनं ते पाहिलं आणि चुलीकडे तोंड करून बसली. त्या दिवशी चुलीला धूर फार होता, असं ती नंतर म्हणायची.

सोमवारी ती घरातली शेवटची साखर घेऊन गोटुलात आली. चहा झाला, वाटला. आणि या खेपेस खुद्द बुधूभाऊ घसा खाकरून उठले.

"मले बी एक वाटून राह्यलं," ते कपात फुंकर मारत म्हणाले. "टपरीवर लोकं बसतीन. बसले का बोलतीन. बोलले का भांडतीन. भांडन झालं तं थे सोडवाले मलेच जा लागन. आता माहं गुडघं..."

"बस खाली, बुधू," गुणाबाई म्हणाली.

ती उठली होती. पदर कमरेला खोचलेला, म्हणजे भाताच्या रोवण्याच्या चिखलात उतरताना असतो तसा.

"इतके सोमवार झाले, मी पाहून राह्यली. माही हरकत होती, मी एक घोट नाई पेली. अन् तुमी? हरकत घेता आन् वरतून दुसरा कप मांगता! तुह्या गुडघ्याले चहा लागते का रे, बुधू? धुरपते, तुह्या कोंबड्या तं मांगच्याच म्हयन्यात इकल्या तू. कोनच्या कोंबड्यायची काळजी करून राह्यली?"

धुरपता कपात पाहू लागली.

"आता माहं आयका. ज्याची हरकत खरी हाये त्यानं कप खाली ठेवा, माह्यासारखा. ज्याची नाई त्यानं पेवा. चाला."

साठ कपांतून वाफ निघत होती. नानाजींनी कप जमिनीच्या दिशेनं वीतभर नेला, तिथं थांबवला, त्याच्याकडे सासरी निघालेल्या लेकीकडे पाहावं तसं पाहिलं, आणि झटकन तोंडाला लावला. बुधूभाऊंनी गुडघ्यावर हात ठेवला आणि दुसऱ्या हातानं पिऊन टाकला. मग सगळीकडून फुर्रफुर्र सुरू झालं. एकही कप खाली राहिला नाही. पलीकडच्या टोल्यातले दोघंही प्यायले. त्यांना तर घाईच होती.

"मंजूर!" प्रवीण ओरडला. "सर्वानुमते..."

"थांबा सायेब," बुधूभाऊ म्हणाले. "गुणाबाईनं नाई पेला."

सगळ्यांच्या माना वळल्या. स्वातीनं पहिल्यांदा, कितीतरी दिवसांनी, आत्याच्या तोंडाकडे सरळ पाहिलं.

गुणाबाई म्हणाली, "मले वाटे, इकत चहा म्हंजे गावाची लाज. पन फुकटच्या चहासाठी गाव केवढं खोटं बोलते, थे मी पाह्यलं. पैसे देऊन पेतीन तं निदान खरं तं बोलतीन." ती जराशी घुटमळली. "दारात आलेल्याले मी अजूनबी तसाच पाजीन, थे सांगून ठेवते. फाटा म्हंजे फाटा, दार म्हंजे दार. दे वं पोरी, चहा दे मले."

स्वातीनं चहाचा गंज, पातेलं, वाकडा केला. थेंब आला नाही. तिच्यासाठी ठेवलेला कप टोल्याच्या त्या दोघांपैकी एकानं उचलला होता.

"नाई उरला, आत्या. साखर बी नाई."

आणि तेवढ्यात रस्त्यावरून हॉर्न ऐकू आला. मुकादमाची जीप.

मग चिचटोल्यानं जी धावपळ केली, ती आग लागल्यावरही कोणी केली नसती. धुरपता साखरेचा डबा घेऊन आली, नानाजींनी गुळाचा खडा आणला, बुधूभाऊ दुखऱ्या गुडघ्यानं पळत जाऊन बकरीचं दूध काढून आले, आणि त्या गुडघ्याबद्दल पुढे कोणी काही विचारलं नाही. स्वाती चूल फुंकत होती. मुकादम गोटुलाच्या दारात येऊन उभा राहिला.

"पवन, आन बिछाना. गाडी भरली, दोन जागा ठेवल्या हायेत."

"जरा थांबा," पवन म्हणाला. "आत्या... म्हंजे माही माय चहा पेऊन राह्यली."

"मंग?"

"मंग काई नाई. पेऊ द्या."

गुणाबाईनं पहिला घोट घेतला. सगळं गाव तिच्या गळ्याकडे पाहत होतं. बाहेर हॉर्न वाजला. "गरम हाये," असं म्हणून तिनं कप खाली नेला, तेव्हा साठ माणसांनी एकदम श्वास ओढला. पण तिनं तो जमिनीला टेकवला नाही, मांडीवर धरला, फुंकला, पुन्हा उचलला. बकरीच्या दुधाचा चहा, गूळ आणि साखर दोन्ही पडलेला. चव कशी होती ते तिलाच माहीत. शेवटचा घोट घेऊन तिनं कप उपडा करून दाखवला.

प्रवीणनं सही केली, शिक्का मारला आणि कागदावर फुंकर घातली, जणू तोही गरमच होता. स्वातीनं तो दोन्ही हातांनी घेतला आणि मुकादमाकडे वळली.

"भाऊ, आमी नाई येत औंदा."

"नाई येत कसं?" मुकादम तडकला. "माह्या दोन जागा खाली जातीन! पवनले तरी नेतो. एकटा पवन. त्याले काय हरकत हाये?"

पवननं तोंड उघडलं, पण त्याला बोलायची वेळच आली नाही.

"हाये!" धुरपता म्हणाली.

"हाये," नानाजी म्हणाले, आणि मग अख्खं गोटुल, टोल्याच्या त्या दोघांसकट, एका दमात, "हाये!"

बुधूभाऊंनी मुकादमाला बसायला चटई सरकवली. "बसा जी, बसा. आमच्या इथी हरकत सुटाले म्हयना लागते. आन् रीत सांगून ठेवतो," ते रिकाम्या कपात वाकून पाहत म्हणाले, "ज्याचं काम, त्याचा चहा."