ॲबिगेल वाळूवर बसली

ॲबिगेलला कोणी कोळशाची टोपली म्हटलं की डॉर्कसचं डोकं फिरायचं. हे जहाज तिच्या बापाने व्हिटबीच्या बंदरात बांधलं होतं. पोट रुंद, तळ सपाट, चाल गाभण गाईची. पण न्यूकॅसलचा कोळसा लंडनला पोचवण्यात त्याने एकही हिवाळा चुकवला नव्हता. मग सरकारने ते भाड्याने घेतलं आणि पिठाची पिंपं भरून जगाच्या दुसऱ्या टोकाला, न्यू साउथ वेल्सच्या नव्या वसाहतीकडे पाठवलं. कप्तान होता तिचा नवरा, जोनास वेदरिल. बापाचं जहाज एकट्या नवऱ्याच्या भरवशावर सोडेल ती डॉर्कस कसली! तीही चढली.

खाडीत पोचले तेव्हा किनाऱ्यावरची माणसं अर्ध्या शिध्यावर दिवस काढत होती आणि ॲबिगेलच्या तळाजवळ फट पडली होती. आळीपाळीने पंप मारून खलाशी मेटाकुटीला आले होते. पंप थांबला की पाणी थेट पिठात. आणि वसाहतीच्या कोठाराला अजून छप्पर नव्हतं.

"माल उतरवू या," डॉर्कस म्हणाली. "वाळूवर रचू, वरून जुनी शिडं टाकू."

"आणि राखण कोण करणार? तू?" जोनास उसळला. "अख्खी वसाहत शिक्षा भोगायला आलेल्या चोरांची! माझ्या पिंपाला एकाही चोराचा हात लागणार नाही. भरतीला हिला वाळूवर बसवतो. ओहोटीला तळ उघडा पडेल, फट बुजवली की झालं. आपल्याकडे हे काय नवीन आहे का?"

नवीन नव्हतंच. सपाट तळाचं जहाज वाळूवर खुडूक कोंबडीसारखं निवांत बसतं, आणि व्हिटबीचा समुद्र ओहोटीला इतका खाली जातो की जहाजाभोवती चालत फिरावं. जोनासने ॲबिगेल मोठ्या ऐटीत वाळूवर नेऊन बसवली. सुतार हत्यारं घेऊन सज्ज झाला.

पाणी जरासं उतरलं आणि तिथेच थांबलं. फट पाण्याखालीच राहिली. सगळे वाट बघत बसले, तोवर पाणी पुन्हा चढू लागलं.

"हा काय समुद्र म्हणायचा? ओहोटीसुद्धा धड येत नाही!" जोनास वैतागला.

"समुद्राला कशाला नावं ठेवतोस? बसवण्याआधी विचारलं होतंस का त्याला?" डॉर्कस कडाडली. "अर्धी पिंपं उतरव. जहाज हलकं झालं की भरतीला आणखी वर ओढता येईल."

"कोणाच्या जिवावर? आपल्या पोरांना आता हात उचलवत नाही."

तिने नुसतं किनाऱ्याकडे बोट दाखवलं. जोनासने तोंड फिरवलं. पण खालून येणारा पंपाचा आवाज मंदावत चालला होता. शेवटी तो होडीत बसला, किनाऱ्यावर उतरला आणि कैद्यांसमोर टोपी काढून उभा राहिला.

"दादांनो, माझा अंदाज चुकला. पीठ भिजेल. मदत करा."

"पोटात काही नाही, कप्तान," नेथन स्पर्लिंग नावाचा एक हडकुळा कैदी म्हणाला, "पण हात आहेत अजून."

छातीभर पाण्यातून पिंपं वाळूवर येऊ लागली. कोणी कुंथत होतं, कोणी राजाच्या नावाने शिव्या घालत होतं. इतक्यात एक पिंप खडकावर आपटलं, फळी फुटली आणि पांढरंशुभ्र पीठ भसाभस बाहेर आलं. सगळे जागच्या जागी थबकले. नेथनने धावत जाऊन भोकावर दोन्ही तळवे दाबले आणि ओरडला, "अरे सुतार कुठाय? पळा की लवकर!"

सुतार येईपर्यंत तो तसाच बसून राहिला. फळी ठोकून झाल्यावर त्याने कोपरापर्यंत माखलेले हात त्याच पिंपाचं झाकण उचलून आत झटकले.

भरतीला सगळ्यांनी मिळून ॲबिगेल वर ओढली आणि ओहोटीला फट बुजली. दुसऱ्या दिवशी खाडीत नांगरलेल्या सरकारी युद्धनौकेवरचा एक अधिकारी पिंपं बघायला आला. हसत म्हणाला, "काय कप्तान, चोरांनी किती लांबवलं?"

"चोर?" जोनासचा आवाज चढला. "काल माझ्या जहाजावर सगळे खलाशी होते. ॲबिगेलचे खलाशी. नावं हवीत? चला, एकेकाची ओळख करून देतो."

आणि त्याने नेथनच्या खांद्यावर हात टाकला. डॉर्कसला नवऱ्याचा इतका अभिमान वाटला की भर किनाऱ्यावर तिचे डोळे भरून आले, आणि तिने ते पुसलेसुद्धा नाहीत.