दुसऱ्याची भट्टी

कारखान्यात मला सगळे ‘पारा’ म्हणायचे. एकतीस वर्षं मी कपबशा भाजायच्या भट्टीवर काढली. झडपेच्या भोकातून आतला रंग पाहिला की किती अंशावर आहे ते मी सांगायचो, आणि मोजमाप आलं की ते पाच-दहाच्या फरकानं बरोबर निघायचं. नावाचं हे एक कारण. दुसरं कारण माझा स्वभाव, पण ते कुणी माझ्या तोंडावर बोललं नाही.

निवृत्त झालो, भट्टी सुटली, हाताची खोड मात्र सुटली नाही. कुणाकडे गेलो की त्यांचा फ्रिज मला कमी थंड वाटतो, गीझर जास्त गरम. कुणाचं लक्ष नाही असं बघून मी बटण थोडं इकडचं तिकडे करतो. साडूंच्या घरी एकदा फ्रिजमधली कोथिंबीर काचेसारखी कडक झाली, तेव्हा ही मला परतताना म्हणाली होती, “अहो, लोक आपल्याला जेवायला बोलावतात, दुरुस्तीला नाही.”

तर आम्ही दोघं सहलीला गेलो होतो, तिथे तिसऱ्या दिवशी हिनं ठरवलं की आपण केक शिकायला जायचं. लॉजच्या काउंटरवर कागद चिकटवला होता: एका घरगुती बेकरीत सकाळी तीन तास, इथला बदामाचा केक स्वतःच्या हातानं करा आणि घेऊन जा. मला किल्ला बघायचा होता. ही म्हणाली, “किल्ला दोनशे वर्षं तिथेच आहे. उद्यापर्यंत पळणार नाही.”

बेकरी एका शिंप्याच्या दुकानाला लागून होती. पुढे काचेचं कपाट असलेलं छोटं दुकान, त्यामागे कामाची खोली, मधोमध दगडी फरशी बसवलेलं लांब टेबल, आणि कोपऱ्यात माणसाच्या छातीइतका उंच जुना ओव्हन. त्याच्या मागे दार, दाराबाहेर अंगण. शिकवणारी चाळिशीची होती, डोक्याला रुमाल घट्ट बांधलेला, बोलणं भराभर. तिचे वडील ओव्हनजवळ स्टुलावर बसले होते. वय अठ्ठ्याहत्तर. बेकरी त्यांनीच सुरू केलेली. मुलगी त्यांना बाबा म्हणायची, म्हणून आम्ही सगळेच म्हणू लागलो.

आम्ही सहाजण होतो. आम्ही दोघं, एक नवं लग्न झालेलं जोडपं, आणि दातांच्या डॉक्टरीणबाई व त्यांची मुलगी. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, “वर्षभर लोकांना गोड खाऊ नका सांगते, आज माझी सुट्टी.” सगळे हसले. वातावरण छान होतं, हे मला मुद्दाम सांगायचं आहे.

केकमध्ये मैदा नावापुरता. बदामाची पूड, साखर, लिंबाची किसलेली साल, आणि अंडी. पांढरं वेगळं फेटून फेस करायचा आणि तो पिवळ्या मिश्रणात अलगद मिसळायचा. हिचा फेस सुरेख झाला. माझाही झाला, पण मिसळताना मी चमचा जोरात फिरवला.

“काका, आता फेटायचं नाही,” शिकवणारी म्हणाली. “खालून वर उलटायचं. हवा जाते नाहीतर.”

“हवा पुरेशी आहे,” मी म्हणालो.

तिनं माझं भांडं ओढून घेतलं, चमचा कसा धरायचा ते सगळ्यांना दाखवलं आणि म्हणाली, “हे बघा, असं बसलं की मग केक फुगत नाही.” नवी नवरी तोंडावर हात ठेवून हसली. हसण्यासारखं काही वाईट नव्हतं त्यात. मला मात्र ते लागलं. तीसेक माणसं हाताखाली राबवलेला मी, आणि ही बाई मला चमचा धरायला शिकवणार.

साचे भरले, आणि बाबा उठले. ओव्हन हे त्यांचं काम. भिंतीवरच्या पाटीवर त्यांनी खडूनं १५० लिहिलं, खाली घालायची आणि काढायची वेळ लिहिली, आणि साचे एकेक करून आत सरकवले. मुलगी हसत आम्हाला म्हणाली, “बाबांना हल्ली विसरायला होतं ना, म्हणून सगळं लिहायचं असं ठरलंय आमचं. गेल्या महिन्यात पावात मीठच नव्हतं.”

“एकदाच,” बाबा म्हणाले.

मी ओव्हनजवळ गेलो. दाराजवळ हात धरला. “दीडशे कमी नाही का?” मी विचारलं. “मी भट्टीवरच होतो, एकतीस वर्षं.”

त्यांचा चेहरा उजळला. कसली भट्टी, किती वेळ लागायचा, जळण कुठलं, सगळं त्यांनी विचारलं. मी हजार अंशांच्या वरचे आकडे सांगितले तेव्हा त्यांनी मान डोलावली. मग म्हणाले, “तुमचं काम मोठं. पण याला मंद आचच लागते. पाऊण तास, आणि मध्ये हात लावायचा नाही.” ते अगदी साधेपणानं बोलले. मला वाटलं, दुसऱ्यांदा शिकवलं मला आज.

चहा अंगणात होता. सगळे बाकांवर बसले, बाबाही. ते बेकरीच्या सुरुवातीच्या दिवसांबद्दल सांगत होते आणि सगळे कान देऊन ऐकत होते. दहाएक मिनिटांनी मी चष्मा आत राहिल्याचं सांगून उठलो. चष्मा खरंच टेबलावर होता. तो घेतला, घातला, आणि ओव्हनच्या काजळलेल्या काचेतून आत पाहिलं. सहाही केक जसेच्या तसे बसलेले. फुगायचं नाव नाही.

दहा मिनिटांत फुगतं का काही? पण माझ्या डोक्यात तेव्हा एकच, म्हाताऱ्याचा अंदाज चुकलाय. मी बटण फिरवलं. थोडंसंच. त्यावरचे आकडे पुसट होते, माझ्या हिशेबानं ते दीडशेचं एकशे ऐंशीवर गेलं असेल. केक लवकर फुगतील, छान होतील, आणि कुणाला कळणारही नाही, असं मनात म्हणत मी अंगणात येऊन बसलो. चहा अजून गरम होता.

वास आधी डॉक्टरीणबाईंना आला. शिकवणारी धावली, आम्ही तिच्यामागे. तिनं ओव्हनचं दार उघडलं तेव्हा धूर तोंडावर आला. सहाही केक वरून काळे, मध्ये फुटलेले, आणि फटीतून कच्चं पिवळं उकळत वर येत होतं. तिनं बटणाकडे वाकून पाहिलं.

“बाबा, किती लावलं होतंत?”

“दीडशे,” बाबा म्हणाले.

“हे दोनशे वीसच्या पुढे आहे.”

“नाही गं. दीडशे. लिहिलंय बघ.”

“लिहिलंय दीडशे. लावलंय दोनशे वीस.” तिचा आवाज चढला नाही, उलट खाली गेला, आणि ते जास्त वाईट होतं. “बाबा, परत?”

बाबा पुढे आले. चष्मा कपाळावर सरकवून त्यांनी बटण पाहिलं. मग पाटी पाहिली. मग पुन्हा बटण. मी त्यांच्यापासून दोन हातांवर उभा होतो. त्यांचा उजवा हात हवेत थोडा फिरला, बटण फिरवल्यासारखा, आणि थांबला. आपण नक्की काय केलं ते ते आठवून बघत होते. त्यांना आठवत होतं ते बरोबर होतं, आणि त्यांच्या डोळ्यांसमोर होतं ते वेगळंच सांगत होतं. शेवटी त्यांनी डोळ्यांवर विश्वास ठेवला.

“असेल,” ते म्हणाले. “माझ्याच हातून झालं असेल.”

बोलायची वेळ तीच होती. एक वाक्य पुरलं असतं. जीभ टाळूला चिकटणं म्हणतात ते मी त्या दिवशी अनुभवलं. पण ती चिकटूनच राहिली असती तरी बरं झालं असतं. खोलीत कुणी काही बोलेना, ती शांतता मला सहन होईना, आणि मीच सगळ्यात आधी तोंड उघडलं.

“होतं असं,” मी म्हणालो. “वयोमानानं होतं.”

सगळ्यांनी माना हलवल्या. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, काही बिघडलं नाही, कृती तर शिकलो. नवऱ्या मुलानं काळ्या केकबरोबर फोटो काढला. बाबा प्रत्येकासमोर जाऊन माफी मागत होते. माझ्यासमोर आले तेव्हा हात जोडून म्हणाले, “तुम्ही विचारलं होतंत हो आचेचं. तेव्हाच मी बघायला हवं होतं.” त्यांनी आम्हाला डब्यातली बिस्किटं कागदात बांधून दिली. मी ती घेतली.

लॉजवर आल्यावर ही पलंगावर बसून बराच वेळ त्या प्रकाराबद्दलच बोलत होती. मुलीनं सगळ्यांदेखत विचारायला नको होतं, बिचाऱ्यांचा चेहरा केवढासा झाला, आपलीही आई शेवटी अशीच झाली होती. बोलता बोलता तिनं बिस्किटांची पुडी सोडली आणि माझ्यापुढे धरली.

“मला नको,” मी म्हणालो. “ते मी केलं.”

“काय?”

“बटण. चष्मा आणायला गेलो तेव्हा.”

मला वाटलं होतं ती रागावेल. फ्रिजच्या वेळी रागावली होती, तसं. तिनं पुडी पुन्हा बांधली आणि टेबलावर ठेवली. “आणि वर तुम्ही म्हणालात वयोमानानं होतं,” ती म्हणाली. संध्याकाळी जेवायला खाली उतरताना जिन्यात म्हणाली, “उद्या बस दहाची आहे. आठला त्यांचं दुकान उघडतं. मी येणार नाही.”

सकाळी मी आठाच्या आधीच त्या गल्लीत होतो. शिंप्याच्या दुकानासमोरून दोनदा गेलो. तिसऱ्यांदा शिंप्यानंच विचारलं, “कुणी हवंय का?” मग आत जावंच लागलं.

शिकवणारी काचेच्या कपाटात पाव लावत होती. मी तिला सगळं सांगितलं. उभ्यानंच, एका दमात. तिनं हातातला पाव खाली ठेवला.

“काल दुपारी मी भावाला फोन केला,” ती म्हणाली. “सांगितलं की बाबांना आता डॉक्टरला दाखवायला हवं, तू ये. ओव्हनला हात लावू नका म्हणून सांगितलं मी त्यांना. ते रडले, काका. माझ्या आईच्या वेळी रडले होते, त्यानंतर काल.”

मी तिची माफी मागायला लागलो.

“मला नका सांगू,” ती म्हणाली. “त्यांना सांगा.”

बाबा अंगणात बाकावर बसून भिजवलेले बदाम सोलत होते. मला बघून त्यांना आनंद झाला. बाजूला सरकून त्यांनी जागा केली. मी बसलो नाही. सांगितलं. त्यांनी शांतपणे ऐकलं आणि मग हसले.

“हिनं बोलावलं ना तुम्हाला?” ते दारात येऊन उभ्या राहिलेल्या मुलीकडे मान वळवून म्हणाले. “काल जास्त बोलली, म्हणून रात्रभर हिला झोप नाही. आता म्हाताऱ्याची समजूत काढायला माणसं आणतेय.”

“नाही हो बाबा. मीच केलं.”

“फार भले आहात तुम्ही. पण मी काय लहान आहे?” बदामाची साल त्यांनी बोटांनी दाबली, बदाम वाटीत पडला. “तुम्ही भट्टीवाले. भट्टीवाला दुसऱ्याच्या भट्टीला हात लावत नाही. मला नका सांगू हे.”

त्यांच्या बोलण्यात टोमणा नव्हता. त्यांचा माझ्यावर खरोखर विश्वास होता, आणि माझी मान वर होईना. जन्मात इतका लहान मी कधी झालो नव्हतो. मग मी त्यांना तपशील दिले. चष्मा टेबलाच्या कुठल्या टोकाला होता. काचेतून केक कसे दिसत होते. बटण थोडं घट्ट आहे आणि मध्ये एकदा अडकतं, तिथं अंगठा दाबावा लागतो.

त्यांचे हात थांबले. ते अडकणं हात लावल्याशिवाय कुणाला कळण्यासारखं नव्हतं.

“बाबा, खरं सांगतायत ते,” मुलगी दारातून म्हणाली.

ते माझ्याकडे बघत राहिले. आधीचं हसू गेलं होतं, राग मात्र आला नव्हता. काल बटणाकडे पाहिलं होतं तसंच ते माझ्याकडे पाहत होते, काहीतरी जुळवत.

“मग काल,” त्यांनी हळू विचारलं, “ते वयोमानाचं तुम्हीच म्हणालात ना?”

“हो.”

“माहीत असून?”

“हो.”

ते उठले. बदामाची वाटी त्यांनी बाकावरच ठेवली, धोतराला हात पुसले, आणि माझ्या बाजूनं आत गेले. त्यांना वाट द्यायला मी सरकलो. मुलगी पण आत गेली. अंगणात मी एकटाच राहिलो, आणि बाहेर जायची वाट त्या खोलीतूनच होती.

मी आत आलो तेव्हा बाबा ओव्हनसमोर पाठमोरे उभे होते. “आज किती जण आहेत?” त्यांनी मुलीला विचारलं.

“आठ.”

“मग मी आत्ताच लावतो. तापायला वेळ घेतो हा.”

“लावा,” ती म्हणाली. थोडं थांबून म्हणाली, “मी दादाला कळवते. येऊ नको म्हणते.”

मला बरं वाटायला हवं होतं, आणि वाटलंही असेल कुठेतरी. पण “येतो” म्हणायचं धाडस झालं नाही, आणि “या” असं कुणी म्हणालंही नाही. टेबलाला वळसा घालून, कपाटाजवळून मी रस्त्यावर आलो. शिंप्यानं मान हलवून ओळख दाखवली. मी न पाहिल्यासारखं केलं.

बसस्टँडवर ही सामान घेऊन बसली होती.

“सांगितलं?”

“सांगितलं.”

“काय म्हणाले?”

मी तिला सगळं सांगितलं, त्यांनी शेवटी काय विचारलं तेसुद्धा. ती ऐकत होती. सांत्वन करेल असं मला एक क्षण वाटलं. मला ते नको होतं, आणि तिनं ते केलंही नाही. शेजारच्या जागेवरची पिशवी उचलून तिनं मांडीवर घेतली, आणि मी बसलो.

बस सुटेपर्यंत मी त्या गल्लीकडे पाहिलं नाही.