चाळीस हजारांचा झोपाळा

मित्रांनो, माझ्यावर कुणी बसायला आलं की मी आधी त्याचे पाय बघतो. रागावू नका, ही माझी जुनी सवय आहे. मी भावनगरच्या काळियाबीड भागातल्या एका फ्लॅटमधला सागवानी झोपाळा आहे. या घरातले सगळे सौदे, सगळ्या सोयरिकी आणि सगळी भांडणं माझ्यावर बसूनच झाली. ज्याचं मन मोकळं असतं तो बसल्याबसल्या दोन्ही पाय वर घेतो आणि मला झुलू देतो. ज्याच्या पोटात एक आणि ओठांत एक असतं, त्याच्या पायाचा अंगठा फरशीला टेकलेलाच राहतो. तुम्ही म्हणाल, हा झोपाळा फार संशयी आहे. आहेच मी संशयी, आणि तसा का झालो तेच आज सांगणार आहे.

माझी फळी जहाजाची आहे. इथून जवळच अलंगच्या किनाऱ्यावर म्हातारी जहाजं तोडायला येतात. त्यांतल्याच एका जहाजावर मी जेवणाचं टेबल होतो. जहाज तुटलं आणि मी रस्त्याकडेच्या जुन्या सामानाच्या बाजारात येऊन पडलो. तिथे कानजी सुताराने मला रंधा मारला, कडांना पट्ट्या ठोकल्या आणि चार पितळी साखळ्यांवर टांगलं. तेल पाजल्यावर माझा रंग असा काही खुलला की येणारी-जाणारी गिऱ्हाइकं हात फिरवून जायची. मला फार बरं वाटायचं.

एका रविवारी अनंतराय व्यास आणि त्यांची बायको भानुबेन मला बघायला आले. अनंतरायभाई प्लास्टिकचे दोर बनवणाऱ्या कारखान्यात देखरेखीला होते. त्यांनी नुकताच फ्लॅट ठरवला होता. दोघांना गाडीतून घेऊन आले होते मितेशभाई. घरासाठी कर्ज मिळवून देणं हा त्यांचा धंदा. परक्या माणसाला रविवारी फुकट गाडीतून कोण फिरवतं हो? मला तेव्हाच शंका आली होती.

"अठ्ठेचाळीस हजार?" अनंतरायभाई कानजीला म्हणाले. "झोपाळा विकतोस का अख्खं जहाज?"

मग घासाघीस सुरू झाली. अनंतरायभाई दोनदा उठून गाडीपर्यंत गेले आणि दोनदा परत आले. चहा झाला. शेवटी कानजी चाळीसवर आला आणि वर साखळीला लावायला एक पितळी पोपट फुकट द्यायला कबूल झाला. अनंतरायभाईंची छाती फुगली. मग त्यांना आठवलं, की होते नव्हते ते पैसे फ्लॅटच्या पहिल्या भरण्यात गेले आहेत.

"खिशात हात कशाला घालता?" मितेशभाई हसत म्हणाले. "लोनमध्ये टाकू की. सजावट म्हणून दाखवता येतं. सगळं मिळून बारा लाखांत बसवतो तुम्हाला. झोपाळ्याचे पडतील महिन्याला तीनशे साठ. तेवढ्याचे तर तुम्ही गाठिये खात असाल!"

"तीनशे साठ, पण किती महिने?" भानुबेननी विचारलं.

"वीस वर्षं, भाभी. घर काही पळून जात नाही."

"पळायचं नाही विचारलं मी. सगळे मिळून किती होतात ते विचारलं."

"हिला सोन्याचं ताट दिलं तरी उलटं करून आत तांबं आहे का बघेल ही," अनंतरायभाई म्हणाले. कानजी हसला, मितेशभाई तर पोट धरून हसले. भानुबेनही हसल्या. त्यांचा प्रश्न तिथेच बाजारात राहिला आणि मी टेम्पोत चढलो.

नव्या घरात लापशी शिजली. सगळ्यांनी माझं कौतुक केलं. अनंतरायभाईंची सहा वर्षांची जिगीषा दिवसभर त्या पोपटाशी गप्पा मारत बसली होती. संध्याकाळी मितेशभाई आले. त्यांनी बशीत ओतून चहा प्यायला, पण पायाचा अंगठा काही उचलला नाही.

"दहा हजार आठशेचा हप्ता," ते म्हणाले. "एक रुपया वाढणार नाही, माझा शब्द आहे."

मित्रांनो, त्यांनी दिलेला शब्द खोटा ठरला नाही. हप्ता खरोखरच कधी वाढला नाही. सगळी गोम त्याच शब्दात होती, पण लाकडाला व्याज कुठून कळणार? मी मितेशभाईंच्या अंगठ्याकडे बघत कुरकुरलो. अनंतरायभाई म्हणाले, "साखळी नवी आहे, बसेल हळूहळू."

वर्षं गेली. व्याजाचे दर वाढल्याची बातमी यायची. खालच्या मजल्यावरच्या जेठवाभाईंचा हप्ता दीड हजाराने वाढला तेव्हा आमचे अनंतरायभाई मुद्दाम त्यांना वर चहाला घेऊन आले.

"कापलं ना बँकेने?" ते पाय वर घेऊन झुलत म्हणाले. "सौदा करायला जिगर लागते, जेठवाभाई. माझा हप्ता बघा, होता तेवढाच!"

जेठवाभाई बिचारे चहा न संपवताच गेले. ते गेल्यावर भानुबेन खाखऱ्याचे डबे घेऊन माझ्या दुसऱ्या टोकाला बसल्या. त्या घरी खाखरे करून विकत.

"अहो, दर वाढला आणि आपला हप्ता नाही वाढला, हे कसं काय?"

"म्हणून तर म्हणतो, सौदा!"

"भाजीवाली कोथिंबीर फुकट देते ना, तेव्हा ती टोमॅटोत काढून घेते. बँकेने कशात काढलं असेल?"

"तुला प्रत्येकात चोर दिसतो. उद्या माझ्यावरही संशय घेशील."

"तुमच्यावर तर कधीपासून आहे," भानुबेन म्हणाल्या, आणि दोघं हसली. प्रश्न पुन्हा टळला. बँकेकडून पत्र यायचं. अनंतरायभाई त्यात फक्त हप्त्याचा आकडा शोधत, आणि तो जुनाच दिसला की पुढचं वाचत नसत. घासाघिशीत वाढलेला माणूस होता तो. आपल्याला द्यायचं ते वाढलं नाही म्हणजे आपण जिंकलो, एवढंच त्यांना ठाऊक. किती काळ द्यायचं, हे बाजारात कुणी विचारत नाही ना! तिथे पैसे दिले की वस्तू उचलायची आणि निघायचं.

मी मात्र हळूहळू अडगळ झालो. माझ्यावर वाळलेले कपडे पडायचे, खाखऱ्याचे डबे रचले जायचे. साखळ्यांना तेल घालायचं सगळे विसरले. मला वाईट वाटायचं. पण घर उभं होतं, जिगीषा शिकत होती, म्हणून मी गप्प राहिलो.

अखेर विसावं वर्ष संपत आलं. अनंतरायभाई साठीला टेकले होते. कारखान्यातल्या घरघरीने त्यांना डाव्या कानाने कमी ऐकू येऊ लागलं होतं. दिवाळीनंतर नोकरी सोडायची, असं त्यांनी मालकाला सांगून टाकलं होतं. भानुबेननी खाखऱ्याचे दीड लाख साठवले होते. त्यांची बहीण नैरोबीला असते. पंधरा वर्षांत भेट नव्हती. हप्ते संपले की तिकडे जायचं, असं ठरलं होतं. जिगीषा अहमदाबादहून मुद्दाम सुट्टी काढून आली होती.

वीस वर्षं पुरी झाली त्या दिवशी सकाळी अनंतरायभाईंनी दाढी केली, स्वतःच्या हाताने माझ्या साखळ्यांना तेल घातलं आणि पेढ्यांचा मोठा डबा घेऊन घराचे कागद सोडवायला बँकेत गेले. बँकेतल्या प्रत्येकाला पेढा द्यायचा, असं त्यांचं चाललं होतं.

दुपारी ते परत आले. डबा त्यांनी माझ्यावर ठेवला. त्याची सुतळी तशीच होती. मग ते बसले, आणि मित्रांनो, मी सवयीने पाय बघितले. त्यांचे दोन्ही पाय फरशीवर सपाट होते. इतक्या वर्षांत त्यांना असं बसलेलं मी पाहिलं नव्हतं.

"कागद कुठे आहेत?" भानुबेननी विचारलं.

"अजून आठ वर्षं आहेत म्हणे."

"कसली आठ वर्षं?"

"हप्त्यांची. दर वाढला की ते हप्ता वाढवायचे नाहीत, मुदत वाढवायचे. दर उतरला तर आपण जाऊन मागायचा, आपोआप मिळत नाही. ती मुलगी अगदी गोड बोलत होती. म्हणाली, काका, तुम्ही कधी विचारलंच नाहीत. सव्वीस लाख भरले मी. बारा लाखांतले सात लाख अजून तसेच आहेत."

भानुबेन त्यांच्याकडे बघत राहिल्या. त्यांच्या डोळ्यांत जे होतं ते मला ओळखीचं होतं, कारण तोच संशय मी इतकी वर्षं बाळगला होता.

"खरं सांगा, तुम्हाला माहीत होतं?"

"तुझी शपथ, नव्हतं." अनंतरायभाई रडू लागले. "जेठवाला मी हसलो होतो गं. त्याचं तर पाच वर्षांपूर्वी फिटलं."

जिगीषा जमिनीवर बसून फोनवर आकडे मांडत होती. ती मान वर न करता म्हणाली, "पप्पा, आठ वर्षं असंच भरत गेलात तर सगळे मिळून छत्तीस लाखांच्या वर जातील. आणि या झोपाळ्याचे, तुमच्या चाळीस हजारांचे, होतील एक लाख वीस हजार."

तिघंही माझ्याकडे बघू लागली. मित्रांनो, मला इतकी लाज कधीच वाटली नव्हती. मी इतका महाग आहे हे मलाच माहीत नव्हतं. फुकटातला पोपट तेवढा वरून निवांत बघत होता.

दुसऱ्या दिवशी अनंतरायभाईंनी रागाच्या भरात मला विकायला काढलं. अलंगचा एक व्यापारी आला, माझ्यावर बसला, एक पाय खाली ठेवून म्हणाला, "अकरा हजार."

"ऊठ," भानुबेन त्याला म्हणाल्या. "एक लाख वीस हजारांची वस्तू मी अकराला देणार नाही. आता तर मी यावर रोज बसणार आहे, पैसे वसूल होईपर्यंत."

त्या संध्याकाळी भानुबेननी नैरोबीच्या तिकिटाचे दीड लाख माझ्यावर ठेवले. अनंतरायभाई नको नको म्हणत राहिले. "बहीण तिथेच आहे," भानुबेन म्हणाल्या. "हे कर्ज मात्र बसल्या जागी मोठं होतंय." बोलताना त्यांचा हात त्या पुडक्यावरून निघत नव्हता. मला पापण्या असत्या तर मी त्या मिटल्या असत्या.

मग दोघं मिळून बँकेत गेली. दीड लाख मुद्दलात भरले, दर आजच्या गिऱ्हाइकांना लावतात तेवढा करून घेतला आणि हप्ता पाच हजाराने वाढवून मागितला. तिथे अनंतरायभाईंनी काय केलं ते भानुबेननी घरी येऊन सांगितलं, तेव्हा जिगीषा हसून लोटपोट झाली.

"ती मुलगी म्हणाली, काका, पाच कशाला, तीनच वाढवा, तब्येतीला झेपेल असं बघा. तर हे म्हणतात, पाच! एक रुपया कमी नाही भरणार! दोनदा उठून दारापर्यंत गेले हो!"

आता चार वर्षांच्या आत फिटेल म्हणतात. पण लगेच कशाचा भरवसा धरायचा नाही, हे आता घरात सगळे शिकले आहेत. भानुबेन दर सहा महिन्यांनी बँकेत जातात आणि एकच गोष्ट विचारतात, "किती भरायचं राहिलं, आणि कधीपर्यंत?" उत्तर लेखी घेतल्याशिवाय उठत नाहीत. अनंतरायभाईंनी मालकाकडे जाऊन नोकरी परत मागितली. ते अजून सकाळी सातला डबा घेऊन निघतात.

गेल्या महिन्यात मितेशभाई पुन्हा आले. आता केस गेले आहेत, हसू मात्र तेच आहे. जिगीषा आणि तिचा नवरा अहमदाबादला फ्लॅट घेत आहेत, हे त्यांना कुठून कळलं देव जाणे. ते माझ्यावर बसले. मी अंगठा बघितला. फरशीवरच होता.

"हप्ता असा बसवतो ना बेटा, की जाणवणारसुद्धा नाही," ते जिगीषाला म्हणाले. "फर्निचरही त्यातच घालू."

"काका, शेवटपर्यंत सगळे मिळून किती होतील?"

"अरे, तो हिशोब कशाला? महिन्याचं बघायचं."

"आणि दर वाढला तर हप्ता वाढेल की वर्षं वाढतील?"

मितेशभाई हसले आणि चहाकडे बघू लागले. तेव्हा मागे उभ्या असलेल्या अनंतरायभाईंनी माझी साखळी धरली आणि मला जोरात झोका दिला. मितेशभाईंचे दोन्ही पाय सुटले. चहा बशीत सांडला. मी आयुष्यात इतक्या आनंदाने झुललो नव्हतो.

"आता सांगा, मितेशभाई," अनंतरायभाई म्हणाले. "पोरीने विचारलंय. सगळे मिळून किती?"

वर-खाली होत, साखळी घट्ट धरून मितेशभाईंनी आकडा सांगितला. तो ऐकून जिगीषाच्या नवऱ्याने कपाळाला हात लावला. त्यांनी छोटा फ्लॅट बघायचं ठरवलं, आणि झोपाळा सध्या नको म्हणाले. मला वाईट वाटलं नाही.

मित्रांनो, तुमच्या घरात माझ्यासारखा कुणी असेल तर त्याच्या साखळ्यांना तेल घाला, त्याच्यावर डबे रचू नका. आणि मोठी माणसं सौदा करत असतील तेव्हा तुम्ही लहान असलात तरी भानुबेनचा प्रश्न विचारा. हसले तर हसू द्या, पण उत्तर मिळेपर्यंत उठू नका.

बँकेतून न वाटता परत आलेले ते पेढे त्या दिवशी तसेच जेठवाभाईंकडे गेले. नवा डबा आणायचा आहे, पण कर्ज फिटल्यावर. तोवर माझा थोडा भाग बँकेचाच आहे. संध्याकाळी कामावरून आले की अनंतरायभाई माझ्यावर बसतात. चहा घेतात, भानुबेनशी बोलतात, पण पाय फरशीवरच असतात. त्यांच्या पायांवर मला संशय नाही. मी रोज बघतो, ते पाय वर घेतात का.