अस्वलीण आलीच नाही

मी एक हंडी बोलतेय. हंडी होते, असं म्हणा. आज पार्थेनियनच्या डोंगरावर माझी नुसती खापरं पडली आहेत. पण त्या खापरांना बोलायचंय, आणि गोड बोलणं माझ्याकडून होणार नाही.

डोंगराखालच्या तेगेआ गावातल्या एका कुंभारानं मला घडवलं. मोठं पोट, रुंद तोंड, दोन कान. निकिप्पे लग्न होऊन फायलोसच्या घरी आली तेव्हा तिच्याबरोबर मीही आले. मसूर शिजवली, जवाची पेज शिजवली, कडक हिवाळ्यात ओकची फळंही उकडली. अंगावर काजळीचे थर चढले, त्याचं मला काही वाटलं नाही. चुलीवर बसलं की घरातलं सगळं ऐकू येतं, तेच नको झालं होतं.

त्या घराला एक घमेंड होती. म्हणे आम्ही अतालांताचे वंशज! फायलोसची आई तिमारेते रोज जेवणं उरकली की तेच दळण दळायची. "राजा इआसोसला हवा होता मुलगा, झाली मुलगी. ठेवून आला डोंगरावर. पण आर्तेमिस देवीनं अस्वलीण धाडली! तिचं दूध पिऊन वाढली आपली अतालांता. कालिदोनच्या रानडुकराला पहिला बाण तिचा. धावायला लागली की भल्याभल्यांची दमछाक!"

मग पोरगी नावारूपाला आल्यावर तोच बाप 'माझी लेक, माझी लेक' करत पुढे आला, हेही ती सांगायची आणि हसायची. सगळेच हसायचे. मला मात्र त्या इआसोसला उकळत्या पेजेत बुडवावंसं वाटे.

थोरली क्लीतो सहा वर्षांची असताना निकिप्पेला दुसरीही मुलगीच झाली. आमच्याकडे पाचव्या दिवशी बाप बाळाला घेऊन चुलीभोवती पळतो, तेव्हा ते बाळ घरचं होतं. तोवर ते कुणाचंच नसतं. चार दिवस मी चुलीवरून पाहत होते. फायलोसनं त्या पाळण्याकडे मान वळवली नाही.

चौथ्या दिवशी तिमारेते फायलोसला म्हणाली, "ती जुनी हंडी घे. तसाही तिच्या एका कानाचा टवका उडालाय."

बाळ माझ्यात घालून डोंगरावर न्यायचं ठरलं होतं.

"अहो, घोटभर दूध पिणारा जीव. तुम्हाला काय जड होतोय?" निकिप्पे बाजेवरून उठायला बघत होती.

"एक ठेवली ना तुझ्यासाठी? मला मुलगा हवाय," फायलोस म्हणाला.

"रडतेस काय, सूनबाई?" तिमारेतेनं तिला परत खाली बसवलं. "अतालांता मेली का? देवीला आपल्या घराची काळजी आहे."

"आजी, मग मला का नाही ठेवलं डोंगरावर?" क्लीतोनं विचारलं.

निकिप्पेनं लाल लोकरीच्या दोऱ्यात निळा मणी ओवला आणि बाळाच्या मनगटाला बांधला. एकावर एक तीन गाठी मारल्या. गोष्टींमधली टाकलेली पोरं मोठेपणी अशाच खुणांवरून आईला सापडतात ना! त्या गोष्टींनी किती आयांना फसवलंय!

फायलोसनं बाळासकट मला डोंगरावरच्या खडकाच्या कपारीत ठेवलं आणि मागं न बघता तो उतरला.

बाळ दिवसभर रडलं. मी ऊब देऊ शकते, पण माझ्याखाली जाळ हवा. तिथं जाळ कुठला? दुसऱ्या दिवशी ते थोडंच रडलं. तिसऱ्या दिवशी रडलं नाही. अस्वलीण आली नाही, शेळी आली नाही, आर्तेमिस तर नाहीच नाही. माणसानं चालत यावं इतक्या अंतरावर गाव होतं, तिथूनही कुणी आलं नाही. माझ्या पोटात एवढी माणसं जेवली, आणि शेवटी मला हे काम दिलंत! लाज वाटली नाही?

चौदा वर्षं मी तिथंच होते. पानं साचली, गाळ साचला.

मग काल क्लीतो आली. पदराखाली छातीशी बांधलेली चार दिवसांची मुलगी, आणि पुढे वाट दाखवत म्हातारा फायलोस.

"हीच जागा," तो म्हणाला. "भाग्याची जागा आहे, पोरी. जावयाचं हिला पाळायचं मन नाही ना, मग इथंच ठेव. तुझी बहीण इथूनच गेली अस्वलिणीबरोबर."

"तुम्ही पावलं बघितली होती ना, बाबा?"

"ही एवढाली! सगळ्या गावाला सांगितलंय मी."

म्हणजे माझ्या पोटातल्या बाळाचीही यांनी गोष्ट केली होती! घराण्यातली दुसरी अतालांता म्हणून मिरवत होते! माझ्या अंगाचा भडका उडाला, पण हंडीचं कोण ऐकतं?

क्लीतो माझ्यातली पानं काढायला वाकली. लेकीला मऊ जागा करावी म्हणून तिनं तळाचा गाळ बोटांनी उकरला, आणि तिचा हात थांबला. तिनं तो निळा मणी बाहेर काढला. लोकर कुजली होती, तरी तीन गाठी तशाच होत्या. मण्याबरोबर काडीसारखी बारीक दोन हाडं आली.

मणी तिनं बापापुढे धरला. मग म्हणाली, "बाबा, पावलं कुठं होती?"

फायलोस जमिनीकडे बघत राहिला.

"कुठं होती?"

"तिला ठेवल्यावर पुन्हा बघायला मी वर आलोच नव्हतो गं. खालच्या झऱ्यापर्यंत आलो... तिथून परत फिरलो. घरी तुझी आई वाट बघत होती. काहीतरी सांगायला हवं होतं."

"आणि आज माझी पोर घेऊन मला इथवर आणलंत?"

तिनं मला दोन्ही कान धरून उचललं आणि त्याच्या पायांशी आपटलं. माझे तुकडे तुकडे झाले. उभ्या जन्मात मला इतकं बरं वाटलं नव्हतं.

तिनं मणी मुठीत घेतला आणि लेक बापाच्या हातात दिली. "धरा. नीट धरा, मान सांभाळा. उद्या पाचवा दिवस आहे. जावयासमोर उभे राहा आणि सांगा, अस्वलीण नव्हती म्हणून. त्यानं नाही फिरवलं तर चुलीभोवती तुम्ही पळायचं. गुडघे दुखतात म्हणालात तर बघा!"

म्हातारा बाळाला घेऊन रडत रडत उतरला. त्याच्या रडण्याची मला कीव आली नाही, अजूनही येत नाही.

अतालांताची गोष्ट तुम्ही खुशाल सांगा. फक्त सांगून झाल्यावर पोरांना एकदा इथं वर आणा आणि माझी खापरं दाखवा. आणि ती धाकटी, जिला कुणी नावसुद्धा ठेवलं नाही, तिला एखादं नाव द्या. मी तिला तीन दिवस पोटात धरलं होतं, पण हाक कशी मारायची तेच मला कळलं नाही.